चिंचाळवाडीच्या सभेचा राहिलेला खुलासा

आजच्या समारंभाचे अध्यक्ष आणि माझे गुरू, निवृत्त प्राचार्य ईश्वरप्पा स्वामी सर. ज्यांना निरोप द्यायला आपण जमलो ते आपले माजी आमदार, मेजर जनरल रविकांत हळदेकर साहेब. गेली पाच वर्षं साहेबांपेक्षा जास्त निवेदनं स्वयंपाकघराच्या दारात स्वीकारणाऱ्या नीलाबाई वहिनी. व्यासपीठावर खुर्ची मिळालेले आणि न मिळाल्यामुळे पायऱ्यांवर उभे असलेले मान्यवर. समोरचे माजी सैनिक, माता-भगिनी, पत्रकार मित्र. आणि शेवटच्या रांगेत दाराजवळ बसलेल्या, लोह्याच्या तलाठी महामायाताई सोनकांबळे. ताईंचं नाव संबोधनात वेगळं घेतलं, कारण त्या इथे पाहुण्या म्हणून आलेल्या नाहीत. मी काय बोलतो ते ऐकून घरी आईला सांगायला आल्या आहेत. तलाठी आहेत, जसंच्या तसं सांगतील. तेव्हा मला आज जपून बोलायचं आहे.

सूत्रसंचालकांनी माझी ओळख 'ज्येष्ठ पत्रकार आणि संस्कृतचे व्यासंगी' अशी करून दिली. ज्येष्ठ म्हणजे केस गेले. आणि व्यासंगाचं म्हणाल, तर संस्कृतात एम. ए. झालेल्या माणसाला तालुक्याचा वार्ताहर म्हणून एकच फायदा होतो: विशेषणं विकत आणावी लागत नाहीत. या फायद्यापायी एका बाईचं मी काय केलं, ते सांगायला मी उभा आहे.

साहेबांनी समितीला कळवलं होतं, हार नको, शाल नको, फेटा नको. एकच मागणी केली. "हरिओमजींना बोलायला लावा. त्यांच्याकडे माझा एक खुलासा राहिलाय." समितीला वाटलं, साहेब गंमत करून राहिले. साहेब गंमत करत नाहीत हे पाच वर्षांत ज्यांच्या लक्षात आलं नाही, त्यांनाच बहुधा आपण समितीवर घेतो.

तर आधी रीतीप्रमाणे कारकीर्द सांगतो. कंधारच्या ग्यानोबा हळदेकरांचा हा मुलगा. शाळा कंधारला, कॉलेज लातूरला, आणि त्यानंतर छत्तीस वर्षं सैन्यात. निवृत्त होऊन परत आले तेव्हा गावाला वाटलं, दोन महिने राहतील आणि पुण्याला जातील. हे राहिले. माजी सैनिकांच्या पेन्शनची कागदपत्रं करून देऊ लागले, ओसरीवर रांग लागू लागली, आणि आपल्याकडे ओसरीवर रांग दिसली की कुठला तरी पक्ष तिकीट घेऊन येतोच. साहेबांना वाटलं, ही आणखी एक बदली. नवं ठाणं, नवी माणसं, हुकूम द्यायचा आणि काम करून घ्यायचं.

इथे त्यांची पहिली फसगत झाली. सैन्यात खालचा माणूस 'हो साहेब' म्हणाला की काम सुरू होतं. आपल्या तहसिलात 'हो साहेब' म्हटलं की काम संपतं. आमदार झाल्यावर पहिल्याच आढावा बैठकीला ते वेळेवर पोचले. पस्तीस मिनिटं रिकाम्या खुर्च्यांसमोर पाठ ताठ ठेवून बसले. शेवटी शिपाई आत डोकावून म्हणाला, "साहेब, बैठक नाही का आज? न्हाई, तुमी एवढ्या लवकर येऊन बसलात म्हणून विचारलं."

हसून घ्या. पुढे हसण्यासारखं फारसं नाही.

पाच वर्षांपूर्वीची निवडणूक. प्रचाराचा शेवटचा दिवस, मतदान परवावर आलेलं. साहेबांची शेवटची सभा दुपारी तीनला चिंचाळवाडीत होती. आता आमच्या धंद्यातली एक रीत तुम्हाला सांगतो. माझे पत्रकार मित्र रागावतील, पण त्यांच्यातले निम्मे आत्ता खाली बघत आहेत. प्रचाराच्या दिवसांत सभा दुपारनंतर होतात आणि नांदेडला आमचं पान साडेपाचला छपाईला सुटतं. म्हणून उमेदवाराच्या कार्यालयातून सकाळी अकरालाच प्रेसनोट येते. सभेत काय झालं, कोण काय म्हणालं, टाळ्या कुठे पडल्या, सगळं त्यात असतं. आम्ही ती जरा सजवतो आणि पाठवून देतो. सभा मागाहून होते. बहुतेक वेळा ती बातमीप्रमाणेच होते, कारण सभांनाही आता सवय झाली आहे.

त्या दिवशीची प्रेसनोट वीरण्णाने दिली. वीरण्णा म्हणजे साहेबांच्या प्रचाराचं सगळं बघणारा कार्यकर्ता. तो इथेच आहे, खांबामागे. त्यात एक ओळ होती: 'वीरमाता नागुबाई सोनकांबळे यांचा जनरल साहेबांच्या हस्ते सत्कार.' नागुबाईंचा मुलगा आनंदराज पायदळात शिपाई होता. बावीस वर्षांपूर्वी वरती बर्फात गेला. महामायाताई त्याची धाकटी बहीण.

एवढ्या कोरड्या ओळीने माझं समाधान होईना. मी लिहिलं, 'वीरमातेने साश्रुनयनांनी जनरल साहेबांना कुंकुमतिलक लावून त्यांचे औक्षण केले. हाच माझा दुसरा लेक, असे उद्गार काढत तिने विजयाचा आशीर्वाद दिला, तेव्हा अवघी सभा गहिवरली.' बारा वाजता पाठवून दिलं. पाठवताना 'गहिवरली'वर मी थोडा खूशसुद्धा झालो, हे कबूल करतो.

आणि मग मी सभेला गेलो. जायची गरज नव्हती. पण चिंचाळवाडीत सभेनंतर जेवण होतं.

शाळेच्या पटांगणात मंडप होता. अडीच-तीनशे माणसं. साहेबांनी गाडीत सत्काराची यादी पाहिली होती म्हणे, आणि त्यातल्या एका नावावर त्यांचं बोट थांबलं होतं. हे मला नंतर कळलं. नाव पुकारलं. नागुबाई वर आल्या. पांढरं लुगडं, हातात प्लॅस्टिकची पिशवी. साहेबांनी शाल उलगडली. बाईंनी ती खांद्यावर घेतलीच नाही. पिशवीतून एक कागद काढला आणि म्हणाल्या,

"साहेब, हे पत्र तुमीच लिवलं का?"

माईक चालू होता. बंद करणारा चहाला गेला होता.

साहेबांनी कागद पाहिला. "हो, माय. माझ्याच हातचं आहे."

त्या वेळी साहेब ब्रिगेडियर होते आणि आनंदराज त्यांच्याच हाताखाली होता. आपल्याच तालुक्यातला पोरगा म्हणून त्यांनी ते पत्र मराठीत, स्वतःच्या हाताने लिहिलं होतं.

"ह्येच्यात लिवलंय, आनंदराजला तरास झाला न्हाई, एका क्षणात गेला. ही महामाया मला वाचून दाखवती. लई येळा वाचून घेतलं मी. तुमी बघितलं का त्याला जाताना?"

 खालून वीरण्णा हातवारे करून राहिला होता, शाल घाला, शाल घाला.

"बघितलं का?"

"नाही."

"मग कसं लिवलं?"

मित्रहो, मी बत्तीस वर्षं सभा ऐकतो आहे. या प्रश्नाला आपल्या ओळखीच्या कुठल्याही पुढाऱ्याने उत्तर दिलं असतं. डोळे पुसले असते, पाय धरले असते, भारतमातेचं नाव घेतलं असतं. साहेब त्या बाईसमोर सरळ उभे राहिले, हात बाजूला घेतले, आणि वरिष्ठाला अहवाल द्यावा तसं बोलले.

"बर्फ येणार हे मला कळवलं होतं. गस्त थांबवता आली असती. मी पाठवली. आनंदराज आणि आणखी दोघं. तिसऱ्या दिवशी सापडले. तो एका क्षणात गेला नाही, माय. मी खोटं लिहिलं."

"किती येळ व्हता मग?"

"डॉक्टर म्हणाले, दुसऱ्या दिवसापर्यंत असावा."

"म्हंजी हाका मारल्या आसतील त्यानं."

"मारल्या असतील."

"तुमी कुठं व्हता?"

"खाली. तळावर."

बाईंनी शालीची घडी घातली. टेबलावर ठेवली, फेकली नाही. कागद पिशवीत परत टाकला आणि पायऱ्या उतरून घरी गेल्या. रडल्या नाहीत. शिव्या दिल्या नाहीत. वीरण्णाने भारतमातेचा जयजयकार पुकारला, त्याला चार-पाच जणांनी उत्तर दिलं, आणि सभा संपली.

मी तेव्हा शाळेच्या ओट्यावर उभा होतो. घड्याळात सव्वाचार झाले होते. फोन हातात होता, रेंज होती. पान सुटायला सव्वा तास होता. 'चिंचाळवाडीची बातमी काढा' एवढे तीन शब्द बोलायचे होते.

मी फोन केला नाही. का केला नाही? पाच वर्षं मी याची निरनिराळी कारणं सांगत आलो. वीरण्णाला सांगितलं, बॅटरी गेली होती. घरी सांगितलं, पान सुटलं होतं. खरं कारण असं की, समोर घडलं ते फार मोठं होतं आणि मी लिहिलेलं फार सोपं होतं. दुसरं असं, मला वाटत होतं हा माणूस निवडून यावा. इतकं खरं बोलणारा माणूस निवडून यावा म्हणून मी त्याच्याबद्दल खोटं छापू दिलं. बुद्धी अशीही चालते. आणि मग मी जेवायला बसलो.

दुसऱ्या दिवशी सकाळी सातला साहेब माझ्या दारात. इस्त्रीचा शर्ट, काखेत पेपर. आत या म्हटलं तर आले नाहीत.

"हरिओमजी, हे तुम्ही लिहिलंत?"

"हो साहेब."

"तुम्ही तिथे होतात."

"होतो."

"मग?"

मी म्हणालो, "साहेब, प्रेसनोट तुमच्याच कार्यालयाची होती." बघा, अशा वेळी माणसाला नेमकी कागदाची आठवण होते.

ते म्हणाले, "माझ्या कार्यालयाच्या नोटेत सत्कार होता. औक्षण तुमचं आहे. उद्याच्या अंकात खुलासा छापा."

संपादक म्हणाले, उद्या मतदान, उद्या असलं काही छापता येत नाही, निकालानंतर बघू. निकालानंतर म्हणाले, आता काय उपयोग. तोवर त्या बातमीचं कात्रण मोबाइलवर गावोगाव फिरलं होतं. ते फिरवण्याचं काम वीरण्णाने फार निष्ठेने केलं. साहेब एक हजार चारशे बारा मतांनी निवडून आले. त्यातली त्या कात्रणाची किती, हे कुणाला सांगता येणार नाही. साहेबांनी मात्र ती सगळी त्याचीच धरली. वीरण्णा काकुळतीला येऊन म्हणायचा, "साहेब, बातमीनं कुणी निवडून येत नसतंय. आमी काय झोपा काढल्या का महिनाभर?" साहेब त्याचं ऐकून घेत आणि पुढचं निवेदन उघडत.

त्यांनी स्वतः खुलासा केला नाही का? केला. विजयी मिरवणूक बसस्थानकाजवळ आली तेव्हा गाडीच्या टपावरून माईक घेतला आणि म्हणाले, "चिंचाळवाडीची बातमी खोटी आहे. त्या माउलीने मला आशीर्वाद दिलेला नाही. मी त्याला पात्रही नाही." लोकांनी टाळ्या वाजवल्या. केवढा विनय, म्हणाले. एकाने आणखी गुलाल टाकला. दुसऱ्या दिवशी पेपरात आलं, 'विजयानंतरही जनरल साहेब विनम्र'. ती बातमीही माझीच. आणि ती मी प्रत्यक्ष हजर राहून लिहिली होती.

त्यानंतर साहेबांनी तो विषय जाहीरपणे काढला नाही. एकदा विष्णुपुरीला कालव्याच्या बैठकीहून परतताना मी गाडीत होतो. विचारलं, साहेब, एवढं सलत होतं तर राजीनामा का दिला नाही?  मग म्हणाले, "राजीनामा दिला तर ते तळ सोडणं होईल की पळून जाणं, हे मला ठरवता आलं नाही."

चिंचाळवाडीत ते पाच वर्षांत गेले नाहीत. विरोधकांनी त्याचं भांडवल केलं, आमदारांना गरिबांची वस्ती दिसत नाही म्हणाले. मीही तशी एक चौकटीतली बातमी लिहिली. खरी गोष्ट मला गेल्या आठवड्यात कळली. निकालानंतर नागुबाईंनी महामायाताईंकडून साहेबांना निरोप पाठवला होता: येऊ नका. सैन्यात असतो तसा तो हुकूम त्यांनी पाळला. गावचा रस्ता, पाण्याची टाकी, शाळेच्या दोन खोल्या, सगळं पत्रांवर केलं. रस्ता बघायला गेले तेव्हा शिवेवर गाडी थांबवून तिथूनच परतले. उद्घाटन सरपंचाने केलं. या खेपेला पक्ष पुन्हा तिकीट देत होता आणि तेच कात्रण पुन्हा फिरवायचं ठरत होतं. साहेबांनी तिकीट परत केलं. आज ते कंधारचं घर बंद करून लेकीकडे डेहराडूनला निघाले आहेत. ही त्यांची राजकीय कारकीर्द.

अध्यक्ष महाराज, माझी सात मिनिटं मघाशीच संपली, हे मला दिसतं आहे. पण सर, तुम्हीच शिकवलंत की कर्त्याशिवाय वाक्य सोडू नये. कर्ता राहिला आहे.

परवा मी चिंचाळवाडीला गेलो. पाच वर्षांत पहिल्यांदा. नागुबाई दारात तूर पाखडत होत्या. म्हटलं, "माय, मी तो पेपरवाला."

"ठाव हाय. तूच ना माझ्या हातात आरतीचं ताट देणारा?"

मी उभाच राहिलो.

"बस की. आमच्यात औक्षण करत्यात का रे? तुला काय आमची वस्ती ठाव न्हाई? आमच्या आईबापानं बाबासाहेबांमागं ते समदं सोडलं, आन तू मला एका सकाळी परत दिलंस. साऱ्या वस्तीत हसं झालं माझं. बाया म्हनल्या, नागुबाई, मतापायी कुकू लावलंस व्हय त्या साहेबाला? मीटिंगीला ज्या न्हवत्या त्यांना आजबी खरं वाटतंय."

तालुक्याला बत्तीस वर्षं बातम्या पुरवणारा मी. बौद्ध घरातल्या त्या बाईच्या हाती मी आरतीचं ताट देऊन बसलो, कारण माझ्या डोक्यातली वीरमाता तेच करत असते. ही चूक वीरण्णाची नव्हती, संपादकांची नव्हती. ती बाई कुठल्या वस्तीतली, एवढं लिहिण्याआधी विचारलं असतं तरी पुरलं असतं.

"चुकलं, माय," मी म्हणालो.

"आन दुसरा लेक म्हनून लिवलंस. मला एकच व्हता. दुसरा तू कुठनं आनलास?"

 

मी सांगितलं, साहेब कायमचे चालले आहेत, मला त्या दिवशीचं सगळं लोकांसमोर सांगायचं आहे, तुमची परवानगी हवी. बाई पाखडत राहिल्या. मग म्हणाल्या, "सांग. पर वाढवू नको. आशीर्वाद दिला न्हाई म्हनून सांग. शिव्या बी दिल्या न्हाईत म्हनून सांग. खरं बोलला त्ये बरं केलं त्यानं, येवढं सांग. माफ केलं आसं म्या म्हनलेलं न्हाई. तू तुझ्या मनानं म्हनू नको."

महामायाताई, बरोबर सांगितलं ना? ताई मान हलवताहेत.

तर हा खुलासा. पाच वर्षांपूर्वी आमच्या पेपरात चिंचाळवाडीच्या सभेची जी बातमी आली ती खोटी होती. ती सभेच्या आधी लिहिली होती. नागुबाई सोनकांबळे यांनी कुणाचंही औक्षण केलं नाही, कुणालाही लेक म्हटलं नाही, कुणाचाही विजय चिंतला नाही. त्यांनी एक प्रश्न विचारला आणि त्यांना खरं उत्तर मिळालं. ते लिहिणं माझं काम होतं. मी लिहिलं नाही.

साहेब, तुमच्यासाठी त्यांचा एक निरोप आहे. सकाळी घरी येऊन मी तो सांगू शकलो असतो. पण त्या म्हणाल्या, चारचौघांत सांग, मागच्या खेपेला चारचौघांतच झालं. निरोप असा: "त्याला म्हनावं, जाताना यिऊन जा. हार-तुरा नको, मानसं नकोत, ह्यो पेपरवाला तर नकोच. माझं लेकरू कुठल्या डोंगरावर व्हतं त्याचं नाव सांगून जा. त्येच्यासंगट दोघं व्हते, त्येंची नावं बी सांग."

साहेब, मला ठाऊक आहे, तुम्हीच एकदा बोलला होतात: त्या डोंगराला नाव नाही. नकाशावर नुसता उंचीचा आकडा आहे. मग आकडा सांगा. दोघांची नावं तुम्हाला पाठ आहेत, हे वहिनींकडून कळलं. ताई तुमच्याबरोबर गाडीत येतील. चहा मिळेल असं नागुबाईंनी सांगितलेलं नाही.

समितीला विनंती, ताफा काढू नका. पत्रकार मित्रांना विनंती, मागे जाऊ नका. मला तर मनाईच आहे. वीरण्णा, तू जेवणाकडे बघ.

अध्यक्षांचे, समितीचे आणि इतका वेळ टाळ्या न वाजवता ऐकून घेतल्याबद्दल तुम्हा सर्वांचे आभार. बोलण्याच्या ओघात कुणाचं नाव राहिलं असेल, मानपान मागेपुढे झाला असेल, जास्तीचा शब्द गेला असेल, तर ते पोटात घाला. त्या बातमीबद्दल मात्र मी या सभागृहाकडे क्षमा मागत नाही. ती देणं या सभागृहाच्या हातात नाही. ज्यांच्या हातात आहे त्यांच्याकडे मी परवा मागितली. त्यांनी सूप बाजूला ठेवलं, माझ्याकडे नीट बघितलं आणि म्हणाल्या, "जा आता. ऊन व्हायच्या आत जा."

साहेब, तुम्हीही निघा.